याचिका ‘निकाली’ निघाली आणि प्रकरण परत शिक्षणाधिकाऱ्यांकडे आलं, आता नेमकं काय करायचं

हायकोर्टात रिट (सरकारी कार्यालयाविरुद्धची याचिका) टाकली, तारखांवर तारखा झाल्या, शेवटी एक दिवस दोन-तीन पानांची ऑर्डर हातात पडते आणि तिच्यात असतं की शिक्षणाधिकाऱ्यांनी याचिकाकर्त्याच्या अर्जावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा, याचिका निकाली काढण्यात येते. मग शिक्षकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर अर्धे लोक अभिनंदन करतात, अर्धे म्हणतात सर तुम्ही हरलात. दोघांचंही चुकतंय. कोर्टानं तुमचा हक्क मान्य पण केलेला नसतो आणि नाकारलेला पण नसतो, बहुतेक वेळा तो तपासलेलाच नसतो. ज्या ऑफिसनं इतके दिवस उत्तर दिलं नाही किंवा एका ओळीत नाही म्हटलं त्याच ऑफिसला कोर्टानं सांगितलंय की आता नीट बघा आणि कारणं देऊन ठरवा.

मला कळकळीनं सांगायचंय ते एवढंच की हे जे सहा, आठ किंवा बारा आठवडे मिळालेत त्यातच तुमची खरी केस उभी राहते. लोक काय करतात, ऑर्डरची झेरॉक्स आवक शाखेत टाकतात आणि घरी बसून वाट बघतात, कोर्टानं सांगितलंय म्हणजे साहेब करतीलच म्हणून. साहेब निर्णय देतातही, पण तो त्यांच्या फाईलमध्ये जे कागद आहेत त्यावरच देतात, आणि त्या फाईलमध्ये तुमच्या बाजूचे निम्मे कागद नसतातच. उद्या निर्णय विरोधात गेला आणि परत हायकोर्टात जावं लागलं तर कोर्ट बघणार की तुम्ही त्या अधिकाऱ्यापुढं काय मांडलं होतं आणि त्यानं त्याचं काय केलं. म्हणून आत्ता मांडा, सगळं मांडा.

हे सगळं मी महाराष्ट्रातल्या खाजगी अनुदानित शाळांतल्या शिक्षक-शिक्षकेतरांना समोर ठेवून लिहितोय, वैयक्तिक मान्यता (नेमणुकीला शिक्षण विभागाची मंजुरी), शालार्थ आयडी (ऑनलाइन पगारासाठीचा क्रमांक), अतिरिक्त ठरवून समायोजन (पद उरलं नाही म्हणून दुसऱ्या शाळेत पाठवणं), सेवाज्येष्ठता, वरिष्ठ वेतनश्रेणी, पेन्शन असले विषय. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनाही बहुतेक गोष्टी तशाच लागू पडतात, फक्त समोर शिक्षणाधिकारी (प्राथमिक) किंवा सीईओ (मुख्य कार्यकारी अधिकारी) असतात.

कोर्ट स्वतःच का ठरवत नाही

राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट चालते तेव्हा कोर्ट सहसा वादाच्या वस्तुस्थितीत शिरत नाही. त्या वर्षीची संचमान्यता (शाळेला मंजूर पदांचा हिशेब) काय होती, बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांची नोंद) कधी तपासली, जाहिरात खरंच आली होती का, तेव्हा जिल्ह्यात त्या विषयाचे अतिरिक्त शिक्षक होते का, हे सगळं रेकॉर्ड ऑफिसकडे, कोर्ट म्हणतं आधी ज्याचं काम आहे त्यानं ठरवावं, मग ते बरोबर का चूक आम्ही बघू. यात वाईट वाटून घेण्यासारखं काही नाही. चिडून वकील बदलणं, लगेच सुप्रीम कोर्टाच्या गोष्टी करणं, यात ते मोलाचे आठवडे जातात.

ऑर्डर शांतपणे वाचा, दोनदा

पहिलं काम हेच, आणि वकिलाच्या फोनवरच्या ‘आपलं काम झालं’ वर विसंबू नका. मुंबई उच्च न्यायालयाच्या वेबसाईटवर (मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोवा, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर सर्किट बेंच) केस नंबर टाकला की ऑर्डर मिळते. इंग्रजी अवघड वाटलं तर वकिलासोबत बसून ओळ न ओळ समजून घ्या, कारण परत पाठवण्याचे पण प्रकार आहेत आणि प्रत्येकात पुढचं पाऊल वेगळं.

सगळ्यात जास्त दिसतो तो प्रकार म्हणजे ‘प्रलंबित अर्जावर गुणवत्तेनुसार निर्णय घ्या, आम्ही गुणवत्तेवर काही मत दिलेलं नाही, सगळे मुद्दे खुले’. यात अधिकारी मोकळा असतो, हो म्हणायलाही आणि नाही म्हणायलाही. त्यामुळे ‘कोर्टानं मान्यता द्यायला सांगितलंय’ असं ऑफिसात जाऊन बोलू नका, समोरचा क्लार्क ऑर्डर काढून दाखवतो आणि तुमची बाजू उगाच हलकी पडते.

दुसरा प्रकार यापेक्षा बराच चांगला. कोर्ट आधीचा नकाराचा आदेश रद्द करतं आणि नव्यानं निर्णय घ्यायला सांगतं, सोबत दोन ओळी का होईना कारण देतं, की सुनावणी दिली नव्हती, किंवा अमुक शासन निर्णय या नेमणुकीला लागू होत नाही. त्या दोन ओळी म्हणजे सोनं आहे. कोर्टानं एखादा मुद्दा ठरवून मग ‘विचार करा’ म्हटलं असेल तर अधिकाऱ्याला त्या निष्कर्षाच्या चौकटीतच विचार करावा लागतो, आणि काहीच न ठरवता ‘विचार करा’ म्हटलं असेल तर तो मोकळा, हा फरक सुप्रीम कोर्टानं २००६ मध्ये आंध्र प्रदेशच्या एसटी महामंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केलाय. तुमच्या ऑर्डरमध्ये असं वाक्य असेल तर अर्जात ते जसंच्या तसं उतरवायचं, पॅरा नंबरसकट.

तिसरा प्रकार घाई करायला लावणारा. कोर्ट म्हणतं तुम्हाला पर्यायी उपाय आहे, तिकडं जा. खाजगी शाळेतल्या कर्मचाऱ्याला बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती किंवा डावलून दुसऱ्याला बढती, याविरुद्ध एमईपीएस कायदा १९७७ (खाजगी शाळा कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा) च्या कलम ९ खाली स्कूल ट्रिब्युनलमध्ये (शाळा न्यायाधिकरणात) अपील असतं आणि त्याची मुदत आहे फक्त ३० दिवस. रिटमध्ये वेळ गेला असेल तर उशीर माफीचा अर्ज सोबत लावता येतो, पुरेसं कारण असेल तर ट्रिब्युनल उशीर माफ करू शकतं, पण हायकोर्टाच्या ऑर्डरनंतर परत महिनाभर घरी बसलात तर ते कारण तुमचं तुम्हीच कमकुवत केलंत. या प्रकारात शिक्षणाधिकाऱ्यांकडे चकरा मारून उपयोग नाही, सेवासमाप्ती ते रद्द करू शकत नाहीत.

आता ऑर्डरमध्ये या गोष्टी पेन्सिलनं अधोरेखित करा. निर्णय कोणी घ्यायचा, म्हणजे रिस्पॉन्डंट (प्रतिवादी) नंबर किती आणि तो नंबर याचिकेत कुणाचा आहे. किती मुदत, आणि ती ऑर्डरच्या तारखेपासून का ऑर्डर मिळाल्यापासून. तुम्हालाच आधी नवीन अर्ज द्यायला सांगितलंय का (‘दोन आठवड्यांत निवेदन द्यावं’ असं असेल आणि तुम्ही दोन महिन्यांनी दिलंत तर पुढं सगळं बिघडतं). सुनावणी द्यायला सांगितलंय का. आणि निर्णय विरोधात गेला तर तो काही दिवस अंमलात आणू नये असं संरक्षण दिलंय का.

अजून एक गोष्ट जी खूप जणांच्या लक्षात येत नाही. याचिका चालू असताना ‘सेवा संपवू नये’ किंवा ‘वसुली करू नये’ असा अंतरिम आदेश असेल तर याचिका निकाली निघाली की तो सहसा तिथंच संपतो. पुढं चालू ठेवला असं ऑर्डरमध्ये स्पष्ट लिहिलं असेल तरच तो चालू. तसं नसेल तर वकिलाला त्याच आठवड्यात विचारा, उशिरा नको.

आणि ऑर्डरमध्ये चूक असेल, नाव चुकलंय, शिक्षणाधिकारी (माध्यमिक) ऐवजी (प्राथमिक) पडलंय, अर्जाची तारीख चुकलीय, तर ‘स्पीकिंग टू द मिनिट्स’ म्हणून एक साधी पद्धत आपल्या हायकोर्टात आहे, त्यात टायपिंगच्या किंवा अशा छोट्या चुका दुरुस्त होतात. हे लवकर करून घ्या. ऑफिसला नकार द्यायला निमित्त लागतं आणि चुकीचं पदनाम हे फार सोपं निमित्त आहे. अधिकारच वेगळ्या अधिकाऱ्याचे असतील, उदाहरणार्थ मान्यता शिक्षणाधिकाऱ्यांनी दिलेली आहे पण शालार्थ आयडी विभागीय उपसंचालकांकडून येणार आहे आणि ऑर्डरमध्ये फक्त शिक्षणाधिकारी आहेत, तर मात्र एवढ्यावर भागत नाही, वकिलाकडून वेगळा अर्ज करावा लागतो.

ऑर्डर पोचवायची तुम्हीच

मुदत बहुतेक वेळा ‘ऑर्डरची प्रत मिळाल्यापासून’ मोजतात, म्हणजे तुम्ही पोचवली नाही तर घड्याळ सुरूच होत नाही. सरकारी वकील कळवतील यावर राहू नका. सर्टिफाईड कॉपीला अर्ज टाका, पण ती यायची वाट बघू नका, ऑर्डरच्या शेवटी ‘ऑथेंटिकेटेड कॉपीवर (कोर्टाच्या कर्मचाऱ्यानं साक्षांकित केलेल्या प्रतीवर) कार्यवाही करावी’ असं वाक्य असेल तर त्या प्रतीवर काम सुरू होतं, नसलं तरी वेबसाईटची प्रत जोडून अर्ज द्या आणि सर्टिफाईड कॉपी आली की मागाहून सादर करा.

आवक शाखेत द्या, दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक नंबर आणि सही घ्या. नुसता शिक्का घेऊन येतात लोक, त्यावर तारीख पुसट असते, मग पुढं वाद. सोबत स्पीड पोस्टनंही पाठवा (रजिस्टर पोस्ट २०२५ मध्ये स्पीड पोस्टातच विलीन झालंय), ट्रॅकिंगचं पान डिलिव्हरी झाल्या झाल्या प्रिंट करून ठेवा, ते पान नेटवर कायम राहत नाही. ऑफिसच्या ईमेलवर पण टाका. एक प्रत संस्थेला, एक मुख्याध्यापकांना, पोच घेऊनच. अधिकारी बदलले तरी घाबरायचं कारण नाही, आदेश खुर्चीला असतो, पण नवीन साहेब आले की ‘आपल्या कार्यालयास अमुक तारखेस आदेश प्राप्त आहे’ असं एक पत्र द्या.

खरी मेहनत इथे आहे : निवेदन

जुना अर्ज असेल, तो दोन परिच्छेदांचा, ‘तरी माझ्यावर अन्याय झाला आहे, योग्य तो न्याय द्यावा ही नम्र विनंती’ असा. ऑर्डरमध्ये त्याच अर्जावर निर्णय घ्या म्हटलं असलं तरी एक सविस्तर पूरक निवेदन द्या, काहीच अडचण नाही. जुन्या अर्जाचा उल्लेख करून त्याच्या पुढं हे वाचावं असं लिहायचं. मराठीत लिहा, ऑफिसची भाषा मराठीच आहे आणि टिपणी (फाईलवर ऑफिस लिहितं तो अभिप्राय) पण मराठीतच लिहिली जाणार.

सुरुवात साधारण अशी ठेवा :

‘विषय : मा. उच्च न्यायालयाच्या रिट याचिका क्र. ____ मधील दि. ____ रोजीच्या आदेशानुसार वैयक्तिक मान्यतेबाबत निर्णय घेणेबाबत. महोदय, उपरोक्त आदेशातील परिच्छेद क्र. ____ अन्वये आपणांस ____ आठवड्यांत निर्णय घेण्याचे निर्देश आहेत. सदर आदेशाची प्रत सोबत जोडली आहे. प्रकरणाची वस्तुस्थिती, यापूर्वीच्या नकाराच्या प्रत्येक कारणावरील माझे म्हणणे व पुरावे खालीलप्रमाणे सादर करीत आहे. निर्णयापूर्वी प्रत्यक्ष सुनावणीची संधी द्यावी व निर्णय सकारण लेखी आदेशाद्वारे कळवावा.’

त्याखाली तारीखवार तक्ता. जाहिरात, मुलाखत, संस्थेचा ठराव, नेमणूक आदेश, रुजू तारीख, प्रस्ताव कोणत्या जावक नंबरनं गेला, त्रुटी कधी निघाल्या, पूर्तता कधी झाली, नकार कधी आला, याचिका कधी दाखल झाली, ऑर्डर कधी. प्रत्येक ओळीपुढं कागदाचा पान नंबर. वाचणाऱ्याला पाच मिनिटांत प्रकरण कळलं पाहिजे, कारण त्या टेबलावर अशीच शेकड्यानं प्रकरणं पडलेली असतात आणि ज्याची फाईल वाचायला सोपी त्याची टिपणी नीट होते, हे मी मनापासून सांगतोय.

मग नकाराची कारणं एकेक करून घ्या. मान्यतेच्या प्रकरणात ती कारणं ठरलेली असतात : २ मे २०१२ च्या शासन निर्णयानं भरतीवर बंदी होती, जाहिरातीला पूर्वपरवानगी नव्हती, बिंदुनामावली तपासलेली नव्हती, अतिरिक्त शिक्षकांचं समायोजन बाकी होतं, टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) नाही, संचमान्यतेत पद मंजूर नाही. आणि कधी कधी तर नुसतं ‘शासन निर्णयानुसार मान्यता देता येत नाही’, कोणता शासन निर्णय तेही नाही. प्रत्येक कारण त्यांच्याच शब्दांत लिहा आणि खाली तुमचं उत्तर व पुरावा. नेमणूक बंदीच्या आधीची आहे का? तारीख दाखवा. पूर्वपरवानगी मागितली होती आणि ऑफिसनं उत्तरच दिलं नाही? मागणीच्या पत्राची पोच लावा. अतिरिक्त शिक्षक होते म्हणता, तर त्या विषयाचा, त्या प्रवर्गाचा, त्या माध्यमाचा शिक्षक आमच्या शाळेकडे पाठवला होता का, कधी, त्याचं पत्र दाखवा असं विचारा. हा प्रश्न लेखी विचारला आणि त्याला उत्तर आलं नाही तर पुढच्या याचिकेत तोच तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा होऊ शकतो. बिंदुनामावलीसाठी विभागीय आयुक्त कार्यालयातल्या मागासवर्ग कक्षाची तपासणीची प्रत मिळवा, नेमणुकीच्या वेळची, आजची नव्हे. नियम मधे बदललेले असतील तर नेमणुकीच्या दिवशी कोणता नियम होता तो जोडा आणि त्यावरच तपासणी व्हावी असं स्पष्ट मागा, गप्प राहिलात तर आजचा शासन निर्णय कालच्या नेमणुकीला लावला जातो.

तुमच्यासारख्याच प्रकरणात हायकोर्टानं आधी निकाल दिला असेल तर त्याची प्रत लावा, पण दहा निकालांचा गठ्ठा नको, एक-दोन लावा आणि आपलं प्रकरण त्याच्याशी कुठं जुळतं ते दोन ओळीत लिहा. त्याच जिल्ह्यात, त्याच परिस्थितीत दुसऱ्या कुणाला मान्यता मिळालेली असेल तर तो आदेश माहितीच्या अधिकारात काढून लावा, मात्र नुसतं ‘त्याला दिली मला का नाही’ एवढ्यावर केस उभी करू नका, चुकीची मान्यता दाखवून दुसरी चूक मागता येत नाही.

संस्था तुमच्या बाजूनं नसेल तर? हे दुखणं फार मोठं आहे कारण प्रस्ताव संस्थेमार्फतच जातो आणि ऑफिस म्हणतं ‘संस्थेकडून प्रस्ताव अप्राप्त’. अशा वेळी निवेदनातच मागणी करा की मुख्याध्यापक आणि संस्थेला मूळ रेकॉर्ड घेऊन सुनावणीला हजर राहण्याचं पत्र द्यावं, म्हणजे मस्टर, सेवापुस्तक, ठराव बुक, प्रस्तावाची स्थळप्रत (पाठवणाऱ्याकडे राहिलेली प्रत). आणि तुमच्याकडे जे काही आहे, वेळापत्रक, निकालपत्रकावरच्या सह्या, परीक्षेच्या कामाचे आदेश, निवडणूक ड्युटीचे आदेश, सगळं लावा, त्या काळात तुम्ही तिथं काम करत होतात हे त्यातून दिसतं.

याचिका चार-पाच शिक्षकांनी मिळून केली असेल तरी निवेदन प्रत्येकानं वेगळं द्या. प्रत्येकाची तारीख वेगळी, प्रवर्ग वेगळा, विषय वेगळा, एकत्र अर्जात एकाची त्रुटी सगळ्यांना भोवते.

माहितीचा अधिकार त्याच दिवशी

निवेदन दिलं त्याच दिवशी आरटीआय पण टाका, दहा रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावून. मागा काय तर तुमच्या प्रकरणाची पूर्ण टिपणी, त्रुटीपत्रं, त्या वर्षांची शाळेची संचमान्यता, अतिरिक्त शिक्षकांची त्या वर्षाची यादी. कायद्यानं ३० दिवसांत माहिती द्यायची असते, म्हणजे आठ आठवड्यांच्या मुदतीत ती हातात येऊ शकते. नाही आली तर ३० दिवसांत पहिलं अपील. टिपणीत कधी कधी खालच्या टेबलानं ‘मान्यता देणे योग्य’ असं लिहिलेलं असतं आणि वर जाऊन नकार होतो, ते पान तुमच्याकडे असलेलं बरं.

सुनावणी

सुनावणीचं पत्र अनेकदा आदल्या दिवशी फोनवर येतं. जायचंच. खरंच जमत नसेल तर लेखी मुदत मागा आणि पोच घ्या, तोंडी ‘साहेब पुढची तारीख द्या’ म्हणालात तर रोजनाम्यात (सुनावणीच्या नोंदीत) ‘अर्जदार गैरहजर’ पडतं.

जाताना तुमच्या निवेदनाचा अजून एक संच आणि दोन पानांचं लेखी म्हणणं घेऊन जा. बोलायला कदाचित पाचच मिनिटं मिळतील, त्यात अन्यायाची सगळी कहाणी सांगण्यापेक्षा नकाराची कारणं आणि त्यांची उत्तरं एवढंच बोला. संस्थेनं किंवा कार्यालयानं काही नवीन कागद किंवा मुद्दा काढला तर तिथंच त्याची प्रत मागा आणि उत्तराला वेळ मागा, हे लेखी मागा. हजेरीवर किंवा रोजनाम्यावर सही करण्याआधी वर काय लिहिलंय ते वाचा, कोऱ्या कागदावर सही अजिबात नाही, आणि ‘तोंडी मान्य केलं’ असं काही लिहिलं असेल तर सहीखाली आपला आक्षेप लिहा. जे मान्य नाही ते मान्य करू नका, समोर कुणीही असो.

सुनावणी झाल्यावर दोन-तीन दिवसांत एक पत्र द्या : अमुक तारखेला अमुक अधिकाऱ्यांसमोर सुनावणी झाली, हे हजर होते, मी हे मुद्दे मांडले, हे कागद दिले. सुनावणी एका अधिकाऱ्यानं घेतली आणि बदली झाल्यावर सही दुसऱ्यानं केली, असं घडतं, आणि ज्यानं ऐकलं त्यानंच ठरवावं हे तत्त्व कोर्टं मानतात, म्हणून कुणासमोर झाली त्याची नोंद तुमच्याकडे हवीच.

या काळात कुणी ना कुणी भेटतो जो म्हणतो ‘सर, कोर्टाची ऑर्डर आहे, आता फक्त वर बघावं लागेल’. शिक्षकानं पोटाला चिमटा काढून वकिलाची फी भरलेली असते, त्यात हे. देऊ नका, १०६४ हा लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा टोल फ्री नंबर आहे, त्यावर बोला. पैसे देऊन मिळालेली मान्यता पुढं चौकशीत निघते तेव्हा सगळ्यात आधी भरडला जातो तो शिक्षकच.

मुदत संपली आणि निर्णय नाही

मुदत संपल्याच्या दुसऱ्या दिवशी स्मरणपत्र, आदेशाची तारीख आणि पोचेची तारीख लिहून. आठ-पंधरा दिवसांनी वकिलाची नोटीस. तरी हालचाल नाही तर अवमान याचिका, म्हणजे कंटेम्प्ट. इथं कंटेम्प्ट ऑफ कोर्ट्स कायदा १९७१ चं कलम २० लक्षात ठेवा, अवमान झाल्यापासून एक वर्षाच्या आत यावं लागतं. ‘साहेब करतो म्हणालेत’ या आशेवर ते वर्ष निघून गेलं तर मोठं हत्यार हातातून जातं.

पण कंटेम्प्टकडून जास्त अपेक्षाही ठेवू नका. नोटीस निघाली की साधारणपणे कार्यालय मुदतवाढ मागतं किंवा तारखेच्या आधी घाईघाईत निर्णय देऊन टाकतं. आणि निर्णय दिला, मग तो चुकीचा का असेना, की कंटेम्प्ट तिथंच अडखळतं, कारण निर्णय बरोबर का चूक हे अवमानाच्या कामात बघत नाहीत, त्याविरुद्ध नव्यानं दाद मागायची असते, सुप्रीम कोर्टानं १९९६ मध्ये परिहार प्रकरणात हेच सांगितलंय. कोर्टानं ‘निर्णय घ्या’ म्हटलं होतं, निर्णय घेतला, आदेश पाळला गेला. म्हणून परत म्हणतो, घाईत निघणाऱ्या त्या निर्णयाच्या वेळी फाईलमध्ये तुमचे कागद पूर्ण असले पाहिजेत.

नकार आला तर

पाकीट जपून ठेवा, त्यावर तुम्हाला कधी मिळालं ते दिसतं. ऑर्डरमध्ये दोन किंवा चार आठवड्यांचं संरक्षण असेल तर ते दिवस मोजायला लागा. मग नकाराचा आदेश आणि तुमचं निवेदन शेजारी ठेवून खुणा करा, कोणत्या मुद्द्याला उत्तर दिलं, कोणत्याला नाही, कोणतं कारण नवीनच काढलं जे सुनावणीत तुम्हाला सांगितलंच नव्हतं. सकारण आदेश म्हणजे तुमचं म्हणणं पाच पानं उतरवून शेवटी ‘सबब मान्यता नाकारण्यात येत आहे’ असं नव्हे. आणि आदेशात जी कारणं नाहीत ती नंतर कोर्टात प्रतिज्ञापत्र करून घुसवता येत नाहीत, १९७८ च्या मोहिंदरसिंग गिल विरुद्ध मुख्य निवडणूक आयुक्त या निकालापासून हे पक्कं आहे. त्यामुळे आदेश जितका त्रोटक तितकी तुमची दुसरी याचिका सोपी. ती नवीन रिट असते, नवीन आदेशाला आव्हान देणारी, आणि यावेळी कोर्टाला ‘परत पाठवा’ म्हणायला कारण कमी उरतं, कारण अधिकाऱ्यानं एकदा ठरवून झालंय. विनंतीमध्ये वकिलाला सांगा की आदेश रद्द करून थेट मान्यता द्यायचे निर्देश मागावेत, नुसतं ‘फेरविचार’ नको, नाहीतर तेच चक्र परत.

दावा जुना असेल तर एक खरी गोष्ट ऐकून ठेवा. पंधरा-वीस वर्षं गप्प बसून मग अर्ज केला, कोर्टानं ‘अर्ज ठरवा’ म्हटलं, म्हणून मेलेला दावा जिवंत होत नाही, सुप्रीम कोर्टानं २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात हे स्पष्ट सांगितलंय, आणि अधिकारी ‘विलंब’ एवढ्या एका कारणावर नाकारू शकतात. म्हणून निवेदनात मधल्या वर्षांची सगळी पत्रं, स्मरणपत्रं लावा, उशीर का झाला ते सांगा. पगार किंवा पेन्शन चुकीची ठरली असेल तर गोष्ट थोडी वेगळी, ते नुकसान दर महिन्याला चालूच असतं, त्यामुळे बारा किंवा चोवीस वर्षांच्या श्रेणीचा किंवा वेतननिश्चितीचा दावा उशिरा केला तरी चालू शकतो, पण थकबाकी साधारणपणे याचिका दाखल होण्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते (२००८ चा तरसेम सिंग निकाल). वरिष्ठतेचा वाद मात्र यात बसत नाही, तिथं दुसऱ्यांचे हक्क पक्के झालेले असतात, तिथं उशीर करूच नका.

मंजुरी आली तर

आनंद करा, पण काम संपत नाही. मान्यतेचा आदेश कोणत्या तारखेपासून आहे ते पहिलं बघा, ‘आदेशाच्या दिनांकापासून’ असं लिहिलं असेल आणि तुमची नेमणूक सात वर्षांपूर्वीची असेल तर मधली सात वर्षं गेली, त्यावर लगेच लेखी हरकत घ्या. एखाद्याची नेमणूक १ नोव्हेंबर २००५ च्या आसपासची असेल तर या एका तारखेवर जुनी पेन्शन लागू होते का नाही हे ठरतं, त्यामुळे ही ओळ डोळ्यात तेल घालून वाचा. पद अनुदानित का विनाअनुदानित तेही बघा, अंशतः अनुदान असेल तर टक्का काय लिहिलाय ते.

मग शालार्थ आयडीचा प्रस्ताव शिक्षणाधिकाऱ्यांमार्फत विभागीय उपसंचालकांकडे, त्यासोबत हायकोर्टाची ऑर्डर आणि मान्यता आदेश दोन्ही. आयडी आला की वेतन पथकाकडे (शाळांची पगारबिलं बघणाऱ्या कार्यालयाकडे) नियमित पगार सुरू करा आणि थकीत वेतनाचं देयक वेगळं सादर करायला मुख्याध्यापकांच्या मागं लागा, नियमित पगार चालू झाला की थकीत देयक विसरलं जातं आणि तरतूद नाही म्हणून वर्षानुवर्षं पडून राहतं. देयकाची आवक पोच तुमच्याकडे हवी. ऑर्डरमध्ये थकबाकीला पण मुदत घातलेली असेल तर ती मुदत वेगळी मोजा, त्याच्यासाठी वेगळं स्मरणपत्र. सेवापुस्तकात मान्यता आदेशाचा नंबर, तारीख आणि याचिकेचा नंबर अशी नोंद मुख्याध्यापकांच्या सहीनं करून घ्या आणि त्या पानाची साक्षांकित प्रत आपल्याजवळ ठेवा, निवृत्तीच्या वेळी पेन्शनचा प्रस्ताव जातो तेव्हा हीच नोंद पहिल्यांदा शोधतात.